खुलाशाचं पान

शोकसभेत वाचनालयाच्या अध्यक्षांनी स्वतःच्या प्रतीतून विजयाताईंच्या पुस्तकाचं पहिलं पान वाचून दाखवलं. 'या कादंबरीत आलेल्या समजुती या तेथील मागास समाजाच्या अंधश्रद्धा असून वाचकांनी त्यांकडे केवळ कुतूहल म्हणून पाहावे.' वाचून झाल्यावर त्यांनी चष्मा काढला आणि म्हणाले, "केवढी स्वच्छ दृष्टी होती बघा ताईंची!" समोरच्या तीसेक माणसांनी माना हलवल्या. पुढच्या आवृत्तीत हे पान ताईंच्या फोटोखाली छापावं, असंही तिथेच ठरलं.

ते पान विजयाताईंनी लिहिलेलं नव्हतं. मी लिहिलं होतं. बदलापूर पश्चिमेला, बेलवलीत आमचं वाचनालय आहे, तिथे मी ग्रंथपाल आहे. त्या सभेत खुर्च्या आणि पाणी बघायचं काम माझ्याकडे होतं. मी उठून दोन वाक्यं बोलले असते तर विषय तिथेच संपला असता. नाही बोलले. तेव्हा आता लिहिते. विजयाताई कोण होत्या हे निदान कुठेतरी बरोबर छापलं जावं. चुकीचं छापलेलं त्यांना खपत नसे.

विजया घरत मूळच्या चामटोलीच्या. घरी भातशेती, चार भाऊ, त्या एकट्या शिकलेल्या. उल्हासनगरच्या एका छापखान्यात त्यांनी बत्तीस वर्षं प्रुफं तपासली. लग्नपत्रिका, बिलबुकं, शाळेची गाइडं, औषधांच्या खोक्यात घडी घालून ठेवतात ते बारीक अक्षरांचे कागद. इंग्रजी त्या या कागदांवरूनच शिकल्या. म्हणायच्या, "'दुष्परिणाम'चा इंग्रजी शब्द मला 'प्रेम'च्या आधी आला. उपयोगी पडला."

लग्न केलं नाही. कोणी कारण विचारलं तर सांगायच्या, "पत्रिकेत चूक निघाली." निवृत्त झाल्यावर बेलवलीत एक खोली-स्वयंपाकघर घेऊन राहिल्या आणि रोज दुपारी वाचनालयात यायला लागल्या. बुटका बांधा, घट्ट अंबाडा, त्यात खोचलेली पेन्सिल. पिशवीत उकडलेल्या शेंगा. शेंगा खात वाचायच्या, पण टेबलावर एक टरफल सापडायचं नाही. पुस्तकाच्या समासात मात्र चुका दुरुस्त करून ठेवायच्या. मी पहिल्या आठवड्यात हटकलं.

"ताई, वाचनालयाच्या पुस्तकात लिहायचं नसतं."

"आणि छापायचं असतं होय, असलं?" म्हणाल्या आणि पान माझ्यासमोर धरलं. एका पानात सात चुका होत्या.

लग्नाला गेल्या की आहेराच्या पाकिटाबरोबर पत्रिका परत करायच्या, लाल पेनाने तपासून. यामुळे त्यांना फारशी बोलावणी येत नसत आणि त्याचं त्यांना काहीही वाटत नसे.

त्यांचं खरं वेड कळलं ते उल्हासनगरला त्यांच्याबरोबर गेले तेव्हा. तिथे रद्दीची गोदामं आहेत. परदेशातल्या वाचनालयांनी काढून टाकलेली पुस्तकं तिथे कंटेनर भरून येतात, चांगली निवडून विकतात, बाकीची लगद्याला जातात. गोदामाचा मालक चंदूसेठ. त्यांच्या छापखान्याचं जुनं गिऱ्हाईक. ताईंना बघून उठून उभा राहिला.

"आओ दादी, आओ. बच्चों का माल आया है, एकदम रंगीन."

"ते कोपऱ्यातलं काय आहे?"

"वो? वो अफ्रीका-विफ्रीका है. काला जादू. कोई नहीं लेता. पुठ्ठे में जायेगा."

"चंदू, पुठ्ठा तुझ्या अकलेचा कर. स्टूल दे."

तो हसला. मला म्हणाला, "तीस साल से गाली खा रहा हूँ, मॅडम. लेकिन मेरी बिलबुक में आज तक एक मिस्टेक नहीं निकली."

त्या स्टुलावर ताई अडीच तास बसल्या. ढिगातून एकेक पुस्तक काढायच्या, पहिलं वाक्य वाचायच्या, शेवटचं वाचायच्या, मग मांडीवर ठेवायच्या किंवा परत टाकायच्या. नायजेरिया, सेनेगल, केनिया. मांडीवरच्या प्रत्येक पुस्तकावर 'बाद' अशा अर्थाचा परदेशी शिक्का होता. बाहेर आल्यावर त्यांचा चेहरा तापलेला होता. मला वाटलं ऊन लागलं.

"आधी त्यांची माणसं नेली," त्या म्हणाल्या. "मग जमीन घेतली. मग त्यांनी लिहिलं, तर म्हणाले वा, छान लिहिता, आम्ही छापतो. आणि आता कपाटात जागा नाही म्हणून बाद. वसुधा, हे उल्हासनगरात पुठ्ठ्याच्या भावाने पडलंय गं."

दर गुरुवारी दुपारी त्या आमच्या वाचनालयात बायकांना या पुस्तकांतल्या गोष्टी सांगायला लागल्या. आठ-दहा जणी यायच्या. नियम एकच. सांगण्याआधी त्या विचारायच्या, "सांगू?" आणि सगळ्यांनी "सांग" म्हणायचं. एकीनेही म्हटलं नाही तर गोष्ट नाही. आफ्रिकेतून नेलेल्या गुलामांच्या हैती देशात गोष्ट सांगणारा असाच आधी विचारतो, ऐकणारे तयार असतील तरच तोंड उघडतो, असं त्यांनी वाचलं होतं. "आमच्याकडे आजी सांगायची तर मध्ये मध्ये हुंकार द्यावा लागायचा. हुंकार थांबला की आजी थांबायची. एकच आहे. ऐकणाऱ्याला पण काम असतं."

एकदा अध्यक्ष सहज डोकावले आणि मागे बसले. फॅक्टरीतले मोठे अधिकारी होते, निवृत्त. ताईंनी त्यांनाही विचारलं.

"अध्यक्ष, सांगू?"

"हो हो, चालू द्या."

"चालू द्या नाही. सांग म्हणा."

"अहो, मी आपला असाच..."

"मग असेच जाऊ शकता. इथे फुकट ऐकायला मिळत नाही."

बायका पदराआड हसत होत्या. अध्यक्षांनी "सांग" म्हटलं, पण ते विसरले नाहीत. त्या दिवशीची गोष्ट माझ्या लक्षात आहे. एका गावाला स्वातंत्र्य मिळतं, झेंडा बदलतो, पण विहिरीवरच्या राखणदाराला कोणी सांगत नाही. तो आपला रोज सकाळी साहेबाच्या बंगल्यावर जाऊन पाणी सोडायची परवानगी मागतो. आणि बंगल्यात आता राहणारा त्याच्याच गावचा मंत्री त्याला रोज परवानगी देतो. एक बाई म्हणाली, "अगं बाई, हे आपल्याच पाण्याच्या टाकीचं आहे!" ताई म्हणाल्या, "नाही. आफ्रिकेचंच आहे. आपलं आहे म्हणून जवळचं वाटायला नको. त्यांचं आहे म्हणूनही ऐकता आलं पाहिजे."

मग त्यांना ती हैतीची कादंबरी सापडली. एका बाईने लिहिलेली, कव्हर फाटलेलं. डोंगरातल्या जमीनदाराकडची एक धोबीण. जमीनदार झऱ्याला कुंपण घालतो. धोबिणीचं कोणी ऐकत नाही. मग एका पूजेत तिच्या अंगात देव येतो आणि सगळ्या गावासमोर, पाद्र्यासमोर, शिपायांसमोर तो देव तिच्या तोंडून सांगतो की कुंपण कोणी घातलं आणि त्याच्याखाली कोण पुरलंय. ताईंनी ती मराठीत करायला घेतली. चार वर्षं लागली. त्या काळात भाजीवाल्यापासून डॉक्टरपर्यंत जो भेटेल त्याला त्या हैतीचा इतिहास सांगायच्या. "गुलामांनी स्वतः लढून देश मिळवला. आणि मालकांनी उलट त्यांच्याकडूनच भरपाई घेतली, आमचे गुलाम गेले म्हणून. पिढ्यानुपिढ्या दिली त्यांनी. आणि जगाला त्या देशाचं काय माहीत? जादूटोण्याची बाहुली आणि तिला टोचलेल्या टाचण्या."

कादंबरी ज्याने सुरू होते ते देव अंगात येण्याचं प्रकरण त्यांनी पाच वेळा लिहून फाडलं. शेवटी एका रविवारी मला घेऊन चामटोलीला गेल्या, त्यांच्या ठमाआत्याकडे. आत्याच्या अंगात येतं हे गावाला माहीत होतं. पडवीत बसून ताईंनी पूर्ण प्रकरण आत्याला वाचून दाखवलं. आत्या वाल सोलत होती. तिकडे देवाला स्वार म्हणतात आणि बाईला घोडा, हे कळल्यावर तिने मान वर केली.

"आमचे इथं झार म्हनतात. झारावर येतो." झार म्हणजे झाड; ज्याच्या अंगात येतं त्याला तिकडे तसं म्हणतात. मग थोड्या वेळाने, "हिला कोनी पानी नाय दिला?"

"कोणाला?"

"त्या बाईला. देव गेल्यावर घसा सुकतो. कोनी तरी पानी देतोच. तुझे गोष्टीत कोनीच नाय देत."

ताईंनी मूळ पुस्तक उघडून पाहिलं. पाणी होतं. एक वाक्य, त्यांच्याकडून गाळलं गेलं होतं. बत्तीस वर्षं दुसऱ्यांची गळलेली वाक्यं शोधणाऱ्या बाईंचं स्वतःचं वाक्य गळलं होतं. त्यांनी कपाळावर हात मारला.

मी विचारलं, "आत्या, तुमच्या अंगात पहिल्यांदा कधी आलं?"

आत्याने उत्तर दिलं ते ताईंकडे बघून. सोनिवलीच्या बाजूची जमीन बिल्डरला द्यायची होती. आत्याचा वाटा होता, तिला विचारलं कोणी नाही. तिने दोनदा सांगितलं, देऊ नका. भाऊ म्हणाले, तू गप बस. "मंग देव बोलला. देवाचा ऐकला सगल्यांनी. माझा कोन ऐकतो?"

येताना रिक्षातून उतरताना ताई म्हणाल्या, "ज्याला दुसरं कुठलं कोर्ट नाही, त्याचं हे कोर्ट आहे. एवढंच आहे त्या पुस्तकात. आणि याला लोक टाचण्या म्हणतात."

वाचनालयाच्या वर्धापनदिनानिमित्त एक पुस्तक काढायचं होतं, म्हणून मीच हे हस्तलिखित कार्यकारिणीपुढे ठेवलं. कव्हरवर कवटी आणि बाहुली असावी, अशी पहिली सूचना आली. "अख्ख्या पुस्तकात टाचणी एकदा येते," ताई म्हणाल्या, "तीही शिंपिणीने दातात धरलेली. तिचं चित्र काढा." मग अंगात येण्याच्या प्रकरणावर घोडं अडलं. उपाध्यक्ष विज्ञानवादी. त्यांचं म्हणणं, यामुळे अंधश्रद्धा पसरेल. चिटणीस सकाळी देवळात जाऊन मग वाचनालयात येणारे. त्यांचं म्हणणं, अनुवादात 'देवी', 'प्रसाद', 'वारं' असे आपले शब्द वापरलेत, त्या लोकांच्या भुताखेतांना आपले शब्द कशाला? दोघांनीही प्रकरण काढा म्हणून सांगितलं.

"इतकी वर्षं मी तुमची भांडणं ऐकते आहे," ताई म्हणाल्या. "आयुष्यात पहिल्यांदा तुमचं एकमत झालं, आणि तेही एका धोबिणीला गप्प करण्यावर."

प्रकरण निघालं तर पुस्तक परत घेईन, हे त्यांनी लेखी दिलं. अध्यक्षांनी मधला मार्ग काढला. प्रकरण राहील, पण सुरुवातीला वाचनालयातर्फे एक छोटा खुलासा. ताईंना आत्ता सांगायला नको, उगाच वाद. मला म्हणाले, "मॅडम, तुम्हीच लिहा. तुमची भाषा चांगली आहे." शोकसभेत हे त्यांना आठवलं नाही.

मी लिहिला. एका बैठकीत, दहा मिनिटांत. मला तेव्हा ती हुशारी वाटली. एक पान गेलं तर जाऊ दे, तीनशे पानं वाचली ना, असा हिशोब मी केला. आणि ते पान असलेलं शेवटचं प्रूफ त्यांच्याकडे जाणार नाही, याची व्यवस्थाही मीच केली. ज्या बाईने हजारो लोकांची शेवटची प्रुफं पाहिली, तिच्या स्वतःच्या पुस्तकाचं शेवटचं प्रूफ तिला दाखवलं नाही. हे वाक्य मी तीनदा लिहून खोडलं. आता राहू दे.

प्रकाशनाच्या दिवशी व्यासपीठावर जायच्या आधी त्यांनी एक प्रत हातात घेतली. पुस्तकाला नाक लावून वास घेतला. मग पहिलं पान उघडलं. उभ्यानेच वाचलं.

"हे कोणी लिहिलं?"

अध्यक्ष हार नीट करत होते. मी म्हटलं, "मी."

त्यांनी परत वाचलं. अंबाड्यातली पेन्सिल काढली, पण खूण कुठेच केली नाही. "चूक नाही एकही," म्हणाल्या. "खोटं मात्र सगळंच आहे. मागास कोण गं, वसुधा? माझी आत्या?"

"ताई, त्याशिवाय त्यांनी छापलंच नसतं."

"मग नसतं छापलं. चार वर्षं थांबले, आणखी थांबले असते. तुला कोणी घाई केली होती?"

त्या व्यासपीठावर गेल्याच नाहीत. समोरच्या रांगेत बसून राहिल्या. अध्यक्षांनी पुस्तकाचं कौतुक केलं, बोलायचा आग्रह केला, तेव्हा जागेवरूनच मोठ्याने म्हणाल्या, "पहिलं पान माझं नाही. ते काढा, मग बोलते." माइक नव्हता. मागच्या लोकांना ऐकू गेलं नाही आणि पुढच्यांनी ऐकलं नाही. टाळ्या वाजल्या. अध्यक्ष हसून म्हणाले, "ताई संकोची आहेत." विजयाताई आणि संकोची! मला तिथे ओरडावंसं वाटलं होतं. तिथेही मी ओरडले नाही.

दुसऱ्या दिवशी त्या कपाटाची किल्ली मागायला आल्या. सगळ्या प्रती त्यात होत्या. प्रत्येकीतलं पान त्या काढणार होत्या.

"ताई, ती वाचनालयाची मालमत्ता आहे. माझी नोकरी जाईल."

"तुझी जाईल. बरोबर आहे." चिडल्या नाहीत. आल्या पावली परत गेल्या.

तिसऱ्या दिवशी सभासद कार्ड घेऊन आल्या. "या पुस्तकाची एक प्रत द्या घरी."

मी दिली. नियमाने एका कार्डावर एक पुस्तक. दोन दिवसांनी परत आणली. मी उघडून पाहिलं. खुलाशाचं पान नव्हतं. कापल्याची खूणही बाहेरून दिसत नव्हती. "दुसरी प्रत आहे का?" त्यांनी विचारलं.

दाखल झालेल्या प्रती तेव्हा पाचच होत्या. बाकी सगळ्या भेट द्यायच्या म्हणून कपाटात. त्या संध्याकाळी मी कपाटातून दहा काढल्या, शिक्का मारला, नोंदवहीत चढवल्या. ते माझ्या अधिकारात होतं. पुढच्या आठवड्यात आणखी दहा. आमच्यात याबद्दल कधी बोलणं झालं नाही. त्या एक आणायच्या, एक न्यायच्या. मी शिक्का मारायचे. चिटणिसांनी एकदा विचारलं, "या बाई एकच पुस्तक परत परत काय नेतात?" मी म्हटलं, "त्यांना आवडलंय."

असे काही महिने गेले. साठेक प्रती झाल्या असतील. कपाटात दोनशेच्या वर होत्या. त्यांना पायऱ्या चढताना दम लागायला लागला होता, मध्ये कठड्याला धरून थांबायच्या. मला वाटलं, आपण हातभार लावावा. एका दुपारी मी ब्लेड घेतलं, एका प्रतीतलं ते पान मुळापासून कापलं आणि ती प्रत त्यांना दिली. त्या घेऊन गेल्या.

अर्ध्या तासात परत आल्या, पायऱ्या चढून, धापा टाकत. पुस्तक टेबलावर आपटलं. त्यातून आणखी एक पान सुटून जमिनीवर पडलं. उचललं तर पहिल्या प्रकरणातलं, धोबिणीच्या अंगात देव आल्यानंतरचं पान. पाणी देतात ते.

"हे कोणत्या गाढवाने केलं?"

"मी."

"तरीच. अगं, सुटं पान असतं का ते? घडीचा कागद असतो. इकडचं मुळापासून कापलंस की तिकडचं जोडीचं सुटणारच. पुस्तकं सांभाळतेस ना तू? की नुसती मोजतेस?"

खुर्ची ओढून बसल्या. श्वास जागेवर येईपर्यंत थांबल्या. मग पिशवीतून स्टीलची पट्टी काढली आणि मला कपाटातून एक प्रत आणायला लावली. हो, कपाटातून. चिटणीस समोर पेपर वाचत बसले होते. मी त्यांच्यासमोर कपाट उघडलं, प्रत आणली.

"मॅडम, हे काय चाललंय?" चिटणीस म्हणाले.

"दुरुस्ती," ताई म्हणाल्या. "तुम्ही पेपर वाचा." मग माझ्याकडे वळल्या. "पट्टी लाव. शिवणीपाशी नाही, एक बोट सोडून. तेवढा कागद आत राहू दे, तो जोडीदाराला धरून ठेवतो. आता पट्टी दाब. ब्लेड नको. हाताने फाड, स्वतःकडे. हळू नको, घाबरतेस काय! एका दमात."

मी फाडलं. माझ्याच वाक्यांचं पान सरळ रेषेत हातात आलं. मी पुस्तक उलटं धरून झटकलं. काही पडलं नाही.

ताईंनी ते पान माझ्याकडून घेतलं नाही, त्याकडे बघितलंही नाही. शेंगांची पिशवी सोडली, एक सोलली आणि कपाटाकडे बोट केलं.

"पुढची आण," म्हणाल्या.